माइनक्राफ्ट (फोन, सर्व्हायव्हल) : मासे कसे पकडायचे? इथे विचारा, इथे सांगा

कोपरीकर (धागा काढणारी)

फोनवर सर्व्हायव्हल (खाणंपिणं, घर सगळं स्वतः मिळवून जिवंत राहायचा प्रकार) खेळणाऱ्या नवीन मंडळींची एकच तक्रार असते, पोट भरत नाही. जवळपासच्या गाई-मेंढ्या पहिल्या दोन दिवसांत संपतात, गहू उगवायला वेळ लागतो, आणि अंधार पडला की बाहेर फिरणं धोक्याचं. घराशेजारी पाणी असेल तर यातलं काहीच अडत नाही. तरी बहुतेक जण मासेमारीकडे वळत नाहीत, किंवा वळतात आणि दोनदा रिकामा गळ वर आला की सोडून देतात. म्हणून हा धागा.

एक गोष्ट सुरुवातीलाच सांगते, कारण निम्मा गोंधळ तिथेच होतो. व्हिडिओंमध्ये दाखवतात ती बहुतेक वेळा संगणकावरची जावा आवृत्ती असते. आपल्या फोनवर बेडरॉक आवृत्ती आहे. दोन्हींमधली मासेमारी वरवर सारखी दिसते, पण नियम सगळे सारखे नाहीत. जावाचा सल्ला फोनवर लावलात तर विनाकारण तळी खोदत बसाल.

रॉड म्हणजे गळाची काठी, तिला तीन काठ्या आणि दोन दोरे लागतात. क्राफ्टिंग टेबलवर काठ्या तिरप्या लावायच्या, उजव्या बाजूला खाली दोरे. दोरा कोळी मारून मिळतो. दिवसाउजेडी कोळी आपण डिवचल्याशिवाय अंगावर येत नाही, त्यामुळे सकाळी रेंगाळलेला कोळी गाठणं सगळ्यात सोपं. जुन्या खाणीत जाळी सापडली तर तलवारीने तोडा, त्यातूनही दोरा निघतो.

आता पाण्याजवळ. रॉड हातात घेऊन पाण्याकडे रोखा आणि टाका. लाल-पांढरा बॉबर तरंगायला लागेल. मासा लागायला साधारण ५ ते ३० सेकंद लागतात. यात घाई करून काही होत नाही, आधी ओढलात तर हाती काही येत नाही आणि पुन्हा पहिल्यापासून मोजणी सुरू. थोड्या वेळाने पाण्यावर बुडबुड्यांची एक रेघ दिसते. ती वाकडीतिकडी होत बॉबरकडे सरकते. रेघ पोचली की बॉबर झपकन खाली जातो, "छप्प" असा आवाज येतो, आणि तुमच्याकडे जेमतेम सेकंदभर असतो. तेवढ्यात ओढा.

नवखे खेळाडू बॉबरकडे टक लावून बसतात. तसं करू नका. रेघेकडे बघा. रेघ दिसली की अंगठा बटणावर ठेवायला वेळ मिळतो. बॉबर बुडाल्यावर अंगठा शोधायला लागलात तर मासा गेलाच.

बटणाबद्दलही सांगून टाकते. सेटिंगमध्ये टच नियंत्रणाचे प्रकार असतात. स्क्रीनवर कुठेही टॅप करण्याच्या प्रकारात हात हलला की नजर पाण्यावरून सरकते. मधोमध अधिकचं चिन्ह, म्हणजे क्रॉसहेअर असलेला प्रकार निवडा. त्यात वापरण्याचं बटण उजव्या बाजूला एका जागी असतं, अंगठा तिथेच टेकवून ठेवता येतो. माझ्या मते फोनवरच्या मासेमारीत या एका बदलाइतका फरक दुसऱ्या कशाने पडत नाही.

बाकीचं प्रश्न येतील तसं सांगते.

---

कळवा_खाडीकाठ

ताई, अगदी वेळेवर धागा काढलात. एक शंका आहे. माझ्या घरासमोरच्या नदीत मासे पोहताना दिसतात. मी गळ बरोबर त्यांच्या तोंडासमोर टाकतो. ते ढुंकूनही बघत नाहीत. मग दुसरीकडे, जिथे एकही मासा दिसत नाही तिथे टाकला तर लगेच लागला. असं का?

---

कोपरीकर

कारण पोहताना दिसणारे मासे आणि गळाला लागणारे मासे यांचा एकमेकांशी संबंधच नाही. पोहणारे मासे २०१८ च्या समुद्री अपडेटमध्ये आले. मासेमारी त्याच्या कितीतरी आधीची, संगणकावर २०१० पासून आणि फोनवर २०१५ पासून. गळाला काय लागणार हे खेळ त्या क्षणी आतल्या आत ठरवतो. पाण्यात एकही मासा दिसत नसला तरी चालतं.

दिसणारा मासा हवा असेल तर तलवार घेऊन पाण्यात उतरा, किंवा पाण्याची बादली त्याच्यावर वापरा, जिवंत बादलीत येतो.

---

ऐरोली_सेक्टर_८

नमस्कार. मी स्वतः खेळत नाही, मुलगा चौथीत आहे आणि त्याला हा खेळ घेऊन दिलाय. तो मला विचारतो आणि मला उत्तर देता येत नाही, म्हणून इथे. दोन प्रश्न. त्याने पिवळा काटेरी मासा पकडला, खाल्ला, आणि स्क्रीन गरगरायला लागली. तो घाबरला. हे काय आहे? दुसरं म्हणजे, हे खेळताना अनोळखी माणसं येऊन बोलू शकतात का?

---

कोपरीकर

पहिल्यांदा दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर, कारण ते महत्त्वाचं. त्याच्या जगाच्या सेटिंगमध्ये जा, तिथे मल्टिप्लेअरचा पर्याय असतो, तो बंद करा. मग त्या जगात बाहेरचं कोणी येऊ शकत नाही. एकट्याच्या जगात मासेमारीला इंटरनेटही लागत नाही, फोन एरोप्लेन मोडवर टाकूनही खेळता येतं. अनोळखी लोकांच्या सर्व्हरवर मात्र तुम्ही शेजारी बसलेल्या असताना, तेवढंच.

काटेरी मासा म्हणजे पफरफिश. तो खायचा नसतो. खाल्ला तर विषबाधा, भूक आणि गरगरणं तिन्ही एकदम होतं. दूध प्यायलं की लगेच उतरतं, म्हणून दुधाची एक बादली कायम जवळ ठेवायला सांगा. पण फेकायला लावू नका! पुढे औषधं बनवायला लागला की याच माशापासून पाण्याखाली श्वास घेता येण्याचं औषध होतं. तीन मिनिटं चालतं, रेडस्टोन (खाणीतली लाल भुकटी) घातला तर आठ मिनिटं. पेटीत जपून ठेवायला सांगा.

गळाला लागणाऱ्या माशांत कॉड सगळ्यात जास्त, साधारण दहांत सहा. मग सॅमन, मग हा पफरफिश, आणि रंगीत उष्णकटिबंधी मासा अगदीच क्वचित.

---

दिवाळे_बंदर

नमस्कार मंडळी. मी बेलापूरच्या दिवाळे गावचा, घरचा धंदा मासेमारीचा. माझा मुलगा हा खेळ खेळतो आणि मी बाजूला बसून बघतो. पहिल्यांदा वाटलं, फोनमध्ये कसली मासेमारी. पण बघत बसलो तेव्हा ताई म्हणतात ते पटलं. आमच्याकडेही गळाला बसलेल्या पोराला हेच सांगतात, दोऱ्याकडे बघू नको, पाण्याकडे बघ. पाणी आधी सांगतं.

केंड मासा (हा काटेरी फुगणारा) आमच्या जाळ्यात आला तर आम्ही खात नाही, त्याच्यात विष असतं आणि ते शिजवून जात नाही. लहान मुलांना खेळातून ही गोष्ट कळते हे मला चांगलं वाटलं. ऐरोलीच्या ताई, मुलाला सांगा की खराखुरा केंडही तसाच असतो, आणि त्याच्यावर दुधाचा इलाज नाही.

मला एक विचारायचंय. पाऊस पडताना मुलाला मासे लवकर लागतात असं तो म्हणतो. खरं आहे की त्याची समजूत?

---

कोपरीकर

काका, खरं आहे. पाऊस बॉबरवर पडत असेल तर थांबायचा वेळ कमी होतो. आणि याची दुसरी बाजू म्हणजे बॉबरच्या डोक्यावर आकाश मोकळं नसेल, म्हणजे छप्पर असेल किंवा गुहेत टाकलं असेल, तर वेळ जवळजवळ दुप्पट लागतो. पुष्कळ जण सुरक्षित म्हणून घराच्या आत पाण्याचा हौद करतात आणि मग म्हणतात, मासे येत नाहीत. आपण छपराखाली उभे राहा, बॉबर मात्र उघड्यावर पडला पाहिजे.

---

दिवाळे_बंदर

हे वाचून आनंद झाला. आमच्याकडे पहिल्या पावसात वलगणीचे मासे चढतात. शेताचं, नाल्याचं गोडं पाणी वाहायला लागलं की मासे उलटे वर येतात, अंडी घालायला. गावातली सगळी पोरं तेव्हा पाण्यात असतात. पाऊस आणि मासा यांचं नातं खेळ करणाऱ्यांनी ओळखलंय.

पण एक गोष्ट नाही ओळखली, भरती-ओहोटी. खेळात चंद्र आहे, तो लहान-मोठाही होतो, मुलाने मला दाखवला. पण पाणी हलत नाही. आमचा सगळा धंदा त्या हलण्यावर आहे. डोल जाळं खाडीत रोवलेलं असतं, पाण्याची ओढ मासा त्यात आणून घालते. अमावस्या-पौर्णिमेच्या उधाणाला ओढ मोठी, अष्टमीच्या आसपास भांग, तेव्हा पाणी मंद. तिथी बघून होडी निघते. आणि पावसाळ्यात १ जून ते ३१ जुलै समुद्रातली यांत्रिक मासेमारी बंद, कारण माशांचा विणीचा काळ. खेळात मुलगा बारा महिने पकडतो आणि मासे संपतच नाहीत. मी त्याला हे समजावून सांगतो. खेळू दे, पण खाडीचं पाणी असं नाही हे त्याला माहीत पाहिजे.

---

घणसोलीकर

काका, तुमचा प्रतिसाद दोनदा वाचला. असं लिहीत राहा.

खेळातल्या चंद्राचं थोडं अवांतर. त्याच्या आठ कला आहेत आणि पौर्णिमेला दलदलीत हिरवे स्लाइम (उड्या मारत येणारे शत्रू) सगळ्यात जास्त येतात. माशांवर परिणाम नाही. पौर्णिमेला दलदलीत गळ टाकायला बसाल तर मागे बघत राहा.

माझा प्रश्न वेगळा. मी रोज ट्रान्स-हार्बरने ठाण्याला जातो, गाडीत उभ्याने खेळतो. आवाज बंद ठेवावा लागतो. "छप्प" ऐकू येत नाही. काय करावं?

---

कोपरीकर

आवाजाशिवाय नक्की जमतं. समुद्रात खोल निळ्या पाण्यावर रेघ पटकन हरवते, म्हणून काठाजवळच्या उथळ पाण्यात टाका, वाळूचा तळ दिसेल असं. फिक्या तळावर बुडबुडे ठळक दिसतात. स्क्रीनचा उजेड वाढवा आणि खेळाच्या सेटिंगमधला ब्राइटनेसही वाढवा. आणि गळ फार लांब टाकू नका, जितका जवळ तितकं नीट दिसतं. लांब टाकल्याने मोठा मासा येतो असं काही खेळात नाही.

खेळात रात्र असताना उभ्याने गाडीत नको मात्र, गर्दीत धक्का लागला की नजर पाण्यावरून उडते आणि तेवढ्यात मागून कोणीतरी तुमच्या खेळाडूला मारतं.

---

तलावपाळी

सगळं छान, पण एक मुद्दा राहतोय. गळाला खजिना (माशाऐवजी मौल्यवान वस्तू) हवा असेल तर उघडं पाणी लागतं. बॉबरभोवती ५ बाय ५ मोकळी जागा आणि चार थर उंची, त्यात मधे काहीही अडथळा नको. कमळाचं पान चालतं. खेळाच्या १.१६ आवृत्तीपासून हा नियम आहे. लहान खड्ड्यात फक्त मासे आणि कचरा येतो. नवीन लोकांना हे सांगायलाच हवं.

---

कोपरीकर

तुम्ही म्हणता तो नियम खरा आहे, पण जावाचा. २०२० च्या त्या अपडेटमध्ये जावामध्ये आला. बेडरॉकमध्ये तो नाही. फोनवर लहान खड्ड्यातूनही खजिना येतो. धाग्याच्या सुरुवातीला जे म्हटलं ते याच्यासाठीच.

---

तलावपाळी

मग संगणकावर खेळून फोनवर आलेल्याने आणखी काय वेगळं धरायचं? मी दोन्ही खेळतो, पण मासेमारी संगणकावरच केली आहे.

---

कोपरीकर

रॉडचं आयुष्य. जावामध्ये रॉड ६४ वेळा चालतो, फोनवर ३८४. फार मोठा फरक आहे हा! जावाचे व्हिडिओ बघून लोक पाच-पाच रॉड बनवून बरोबर नेतात. फोनवर एक साधा रॉड खूप दिवस पुरतो, जागा कशाला अडवायची.

दुसरं, जावामध्ये रॉड डाव्या हातात धरता येतो आणि उजव्या हातात तलवार. फोनवर डाव्या हातात ढाल, नकाशा, टोटेम अशा ठरावीक वस्तूच राहतात, रॉड राहत नाही. म्हणून फोनवर ढाल डाव्या हातात आणि तलवार स्क्रीनखालच्या वस्तूंच्या पट्टीवर रॉडच्या शेजारच्या खणात. काही आलं की एका टॅपमध्ये तलवार हातात.

आणि कचऱ्याचं म्हणाल तर मला तो शब्दच आवडत नाही. मंतरलेला नसलेल्या (जादूचा मंत्र न चढवलेल्या) रॉडला शंभरांत ८५ वेळा मासा, १० वेळा कचरा, ५ वेळा खजिना. पण त्या "कचऱ्या"त दोरा येतो, काठी येते, हाडं येतात, चामडं येतं, शाईची पिशवी येते. हाडांची भुकटी शेताला, चामडं पुस्तकाला. सुरुवातीच्या दिवसांत याच वस्तूंसाठी रात्री जीव धोक्यात घालावा लागतो. फाटके बूट आणि कुजकं मांस सोडलं तर मी काहीच टाकत नाही.

---

कळवा_खाडीकाठ

आणि मासे शिजवायचे की कच्चे खायचे? माझ्याकडे कोळसा कधीच पुरत नाही.

---

कोपरीकर

शिजवाच. कच्च्या कॉडने भुकेच्या पट्टीतली एकच तंगडी भरते, शिजवलेल्याने अडीच. शिजवलेल्या सॅमनने तीन, आणि पोटही जास्त वेळ भरलेलं राहतं.

कोळसा नसेल तर कॅम्पफायर करा. तीन काठ्या, तीन ओंडके, आणि बनवताना एकदाच एक कोळसा. लाकूड भाजून केलेला कोळसाही चालतो. त्यानंतर सरपण लागत नाही. एका वेळी चार मासे ठेवता येतात, अर्ध्या मिनिटात होतात. पाण्याच्या कडेलाच मांडा. मासे ठेवायचे, गळ टाकायचा, पुढचा मासा येईपर्यंत आधीचे तयार. घाई असेल आणि सरपण भरपूर असेल तर स्मोकर, तो भट्टीच्या दुप्पट वेगाने शिजवतो. भट्टीभोवती चार ओंडके लावले की स्मोकर.

समुद्रकाठी राहत असाल तर केल्प नावाचं शेवाळ भरपूर असतं. ते वाळवून नऊ तुकड्यांचा ठोकळा करा. एका ठोकळ्यावर वीस वस्तू शिजतात. मासा आणि सरपण दोन्ही एकाच पाण्यातून, कोळशासाठी डोंगर पोखरायला नको.

---

खारघरवाला

माझं मत वेगळं आहे. रोज बसून बॉबर बघणं ज्यांना आवडतं त्यांनी करावं. पण ऑटो-क्लिकर (स्क्रीनवर आपोआप टॅप करणारं) अ‍ॅप लावून फोन रात्रभर चार्जिंगला ठेवला तर सकाळी पेटी भरलेली असते. आपलंच जग आहे, कोणाला त्रास नाही. यात वाईट काय?

---

दिवाळे_बंदर

वाईट नाही म्हणत. पण मग मुलाने काय केलं? फोनने केलं.

---

कोपरीकर

आपल्या एकट्याच्या जगात ज्याची त्याची मर्जी, मी कोणाला अडवणार नाही. दोन गोष्टी मात्र ध्यानात असू द्या. दुसऱ्यांच्या सर्व्हरवर अशी अ‍ॅप बहुतेक ठिकाणी चालत नाहीत, खातं बंद होऊ शकतं. आणि चार्जिंगला लावून रात्रभर खेळ चालू ठेवला की फोन तापतो, उशीखाली किंवा गादीवर तर अजिबात ठेवू नका.

मला स्वतःला मासेमारी आवडते ती बसण्यासाठीच. बाकी सगळ्या खेळात धावपळ आहे, खणा, पळा, मारा. इथे पंधरा सेकंद काहीच करायचं नसतं आणि तरी लक्ष सोडायचं नसतं. मुलांना तर ही सवय लागणं फार मोलाचं आहे असं मला मनापासून वाटतं. क्लिकर लावला की नेमकं तेवढंच जातं.

लवकर व्हावं असं वाटत असेल तर खेळानेच सरळ रस्ता दिलाय, मंत्र. रॉडवर ल्युअर चढवा. प्रत्येक पातळीला पाच सेकंद कमी, तिसऱ्या पातळीला पंधरा. म्हणजे सगळ्यात लांबलेला मासाही पंधरा सेकंदांत. लक ऑफ द सी तिसऱ्या पातळीला नेलात तर खजिन्याची शक्यता दुपटीहून जास्त होते आणि कचरा कमी होतो. अनब्रेकिंगने रॉड टिकतो.

आणि मेंडिंग. ते मंत्राच्या टेबलावर कधीच मिळत नाही, पण गळाला लागलेल्या पुस्तकात मिळू शकतं. मिळालं तर पहिल्यांदा रॉडवरच लावा असं माझं ठाम मत आहे. प्रत्येक मासा ओढला की १ ते ६ एक्सपी (अनुभवाचे गुण) मिळतं, आणि मेंडिंग त्या एक्सपीने हातातला रॉड दुरुस्त करतं. म्हणजे मासे पकडत राहिलात की रॉड तुटतच नाही. लोक घाईने तलवारीवर लावतात. तलवार दुसरी बनवता येते.

---

खारघरवाला

मेंडिंग रॉडवर लावायचं मला सुचलं नव्हतं, करून बघतो. खजिन्यात पुस्तकाशिवाय काय काय येतं?

---

कोपरीकर

धनुष्य (बरेचदा मंतरलेलं), मंतरलेला रॉड, खोगीर, नावाची पट्टी आणि नॉटिलसचे शंख. शंख विकू नका, आठ शंख आणि एक हार्ट ऑफ द सी मिळून कंड्युइट होतं, त्याच्या आसपास पाण्याखाली श्वास घेता येतो.

---

घणसोलीकर

काल रात्री बराच वेळ मासे पकडत होतो आणि आकाशातून निळे पंखवाले झडप घालून गेले. हे कुठून आले?

---

कोपरीकर

ते फॅन्टम. खेळातल्या तीन रात्री झोप घेतली नाही की येतात. खेळातला एक दिवस आपल्या वीस मिनिटांचा, म्हणजे सलग तासभर न झोपता बसलात की आलेच. म्हणून मासेमारीच्या जागेशेजारीच पलंग टाका आणि रात्री झोपा.

त्याहून चांगला उपाय म्हणजे मांजर. गावात फिरणारी मांजरं कच्च्या कॉडवर किंवा सॅमनवर माणसाळतात. मासा हातात धरून हळू जा, पळत गेलात तर मांजर पळतं. एकदा आपलं झालं की धक्क्यावर शेजारी बसवून ठेवा. फॅन्टम मांजराजवळ येत नाहीत, आणि क्रीपरही (जवळ येऊन फुटणारे शत्रू) येत नाहीत. पाठमोरं बसलेल्या मासेमाराला यापेक्षा चांगली सोबत नाही.

पाण्यातून येणाऱ्या ड्राउन्डवर (बुडालेल्या झोंबींवर) मात्र मांजराचा उपयोग नाही. त्याच्यासाठी धक्का पाण्याच्या पातळीपेक्षा दोन ठोकळे उंच बांधा, कडेला कुंपण, आणि मशाली. २०२१ च्या १.१८ आवृत्तीपासून शत्रू फक्त पूर्ण काळोखातच जन्मतात, त्यामुळे थोड्या मशालींनीही जमिनीकडची बाजू सुरक्षित होते. कुंपणावरून गळ सहज टाकता येतो.

---

ऐरोली_सेक्टर_८

तुम्ही सांगितल्याप्रमाणे मल्टिप्लेअर बंद केलं, क्रॉसहेअर लावलं. मुलाने काल सॅमन पकडला आणि मला फोन आणून दाखवला. त्याला आता एक पाळीव अ‍ॅक्सोलॉटल (पाण्यात राहणारा सरड्यासारखा प्राणी) हवाय. गळाला लागलेला रंगीत मासा त्याला दिला तर घेत नाही म्हणतो.

---

कोपरीकर

छान केलंत! अ‍ॅक्सोलॉटलला गळाचा रंगीत मासा चालत नाही, बादलीत पकडलेला जिवंत रंगीत मासाच लागतो. उबदार समुद्रात प्रवाळ असतात तिथे हे मासे थव्याने फिरतात. पाण्याची बादली घेऊन पोहत जा आणि माशावर वापरा. अ‍ॅक्सोलॉटल स्वतः लश केव्ह नावाच्या हिरव्या गुहांच्या पाण्यात सापडतात, त्यांनाही बादलीतच आणायचं.

---

दिवाळे_बंदर

मुलगा विचारतोय, मासे खूप साठलेत, शिजवूनही उरतात. विकता येतात का?

---

कोपरीकर

येतात काका, आणि ही खेळातली फार चांगली सोय आहे. गावातल्या बेकार व्हिलेजरच्या (खेळातल्या गावकऱ्याच्या) शेजारी बॅरल ठेवा, तो मासेमार होतो. (हिरवा डगला घातलेल्यांना सोडून द्या, ते कोणतंच काम धरत नाहीत.) बॅरल म्हणजे सहा फळ्या आणि दोन लाकडी स्लॅब.

सुरुवातीला तो मासे घेत नाही. वीस दोऱ्यांना एक एमराल्ड (पाचू, गावातलं चलन) किंवा दहा कोळशांना एक एमराल्ड, असा व्यवहार करतो. दोराच द्या, कोळसा सरपणाला लागतो. थोडे व्यवहार झाले की त्याची पातळी वाढते आणि मग पंधरा कच्च्या कॉडना एक एमराल्ड देतो. पुढच्या पातळीला तेरा सॅमनना एक. त्याच पातळीला तो मंतरलेला रॉड विकायलाही काढतो. सगळ्यात वरच्या पातळीला चार पफरफिशना एक देतो, म्हणून मघाशी ऐरोलीच्या ताईंना म्हटलं की फेकू नका. एकच वस्तू सारखी विकली की तो थांबतो, थोडा वेळ जाऊ द्यायचा, पुन्हा घेतो.

मुलाला सांगा, विकायचे असतील ते मासे शिजवू नको, तो कच्चेच घेतो.

---

दिवाळे_बंदर

सांगितलं. तो म्हणतो दोन पेट्या आधीच शिजवून ठेवल्यात. आता त्या घेऊन तो लांबच्या प्रवासाला निघणार आहे, बोटीतून. बोटीत बसून गळ टाकता येतो का?

---

कोपरीकर

येतो. बोट थांबवून टाकायचा, चालत्या बोटीतून टाकला तर अंतर वाढून दोरा तुटतो, बत्तीस ठोकळ्यांच्या पुढे गळ राहत नाही. थोडे मासे कच्चे ठेवायला सांगा. वाटेत डॉल्फिन दिसले तर त्यांना कच्चा कॉड किंवा सॅमन खायला घालायचा आणि ते जिकडे पोहतात तिकडे बोट न्यायची. ते बुडालेल्या जहाजाकडे किंवा पुरलेल्या खजिन्याकडे नेतात. तिथल्या पेटीत नकाशा मिळाला तर तो घेऊन पुढे जायचं, पुरलेल्या पेटीत हार्ट ऑफ द सी असतं.

---

खारघरवाला

क्लिकर काढून टाकलाय सध्या. गळाला पुस्तक लागलं, पण त्यात मेंडिंग नाही, धनुष्याचा मंत्र निघाला. हे पुस्तक ठेवू की ग्राइंडस्टोनवर (मंत्र उतरवणाऱ्या दगडावर) घालून एक्सपी काढू?

---

कोपरीकर

कोणता मंत्र आहे? पॉवर (बाणाचा मार वाढवणारा) चौथ्या-पाचव्या पातळीचा असेल तर ठेवा, गळाला धनुष्यही लागेलच कधीतरी, त्याच्यावर ऐरणीवर चढवता येईल. पंच (बाणाने शत्रूला मागे ढकलणारा) असेल तर खुशाल ग्राइंडस्टोनवर घाला.